डाकूराव, एवढं पत्र टाका

इंग्लंडातल्या आमच्या रीडिंग गावात तुम्ही मुरलीधर खांबेटे कुठं राहतात म्हणून विचारलंत, तर निम्मे मराठी लोक माहीत नाही म्हणतील. डाकूकाका म्हणा, लगेच घर दाखवतील. काकांनी इथं एकतीस वर्षं पोस्टमनचं काम केलं, बर्फात, पावसात, लोकांची कुत्री चुकवत. एकतीस वर्षांत एकही पत्र बुडवलं नाही असं ते छाती पुढं काढून सांगायचे, आणि ते खरंच होतं. बुडवलं ते रिटायर झाल्यावर, एकच, आणि तेही घरचं. त्या पत्राची ही हकिगत. घरातल्या गोष्टी चव्हाट्यावर कशाला आणता, असं कुणी मला ऐकवायला येऊ नका. काकांनी स्वतः सांगितलंय, वैजयंती, लिही म्हणून.

मी त्यांच्यापासून दोन घरं सोडून राहते. वीस वर्षं डेंटिस्टकडे रिसेप्शनवर होते. त्यामुळं माणसानं तोंड उघडायच्या आधीच त्याला कुठं दुखतंय ते मला कळतं, असा माझा समज होता. काकांच्या बाबतीत तो साफ खोटा ठरला.

आधी नावाचं सांगते. मनीषाकाकू, म्हणजे काकांची बायको, नागपूरच्या. टपालाला त्या डाक म्हणायच्या. बाबा डाक घेऊन गेले, आज बाबांना डाक फार आहे, असं ऐकत त्यांची एकुलती एक मुलगी ऋजुता वाढली. ती सहा वर्षांची असताना मंडळाच्या गणपतीत तिला स्टेजवर उभं केलं आणि बाबा काय करतात ते मराठीत सांग म्हणाले. पोरगी मोठी हुशार. खेळ खेळतो तो खेळाडू, तर डाक देतो तो कोण? माइकमध्ये खणखणीत आवाजात म्हणाली, “माझे बाबा डाकू आहेत. ते रोज सकाळी सगळ्यांच्या घरी जातात.” हॉल असा हसला की आरतीला अर्धा तास उशीर झाला, असं जुने लोक अजून सांगतात. त्या दिवसापासून खांबेट्यांचे डाकूकाका झाले. काकूंनी तर त्यांना घरातही डाकूराव करून टाकलं.

त्याच वर्षी ख्रिसमसला टाऊनमधलं एक कॅमेऱ्याचं दुकान बंद होत होतं. काकूंनी तिथून एक जुना प्रोजेक्टर आणि एक रीळ उचलून आणलं. शंभर वर्षांपूर्वीचा मूकपट, अमेरिकेतला, घोडागाडीवरच्या दरोड्याचा. डब्यावर चित्र होतं, चार घोड्यांची गाडी आणि तोंडाला रुमाल बांधलेला माणूस. हे घ्या तुमच्या धंद्याचं, म्हणाल्या. चेष्टेत आणलेलं ते रीळ काकांच्या डोक्यात असं काही बसलं, की पुढं वीस वर्षं ते कार बूट सेलमध्ये, म्हणजे मोटारीच्या डिकीतून जुनं विकतात त्या बाजारात, चॅरिटी शॉपमध्ये तसलीच रिळं धुंडाळत हिंडले. एकूण नऊ जमली. नऊच्या नऊ दरोड्यांची.

मला विचाराल तर सगळी सारखीच. डोंगरातला मातीचा रस्ता, त्याला एक वळण, वळणावर एक खडक, खडकामागं घोड्यांवर बसलेले दरोडेखोर. गाडी येते, हवेत पिस्तूल उडतं, गाडीवान लगाम ओढतो, सगळ्यांचे हात वर. गाडीवरची लोखंडी पेटी खाली पडते. गाडीतून पाद्री उतरतो, जाडा व्यापारी उतरतो आणि एक बाई उतरते. बाईनं बेशुद्ध पडायचंच, तसा नियम असावा. सगळे जण जरा जास्तच वेगानं हलतात, जसं काही सगळ्यांची ट्रेन सुटते आहे. मध्येच काळ्या पाटीवर इंग्रजीत दोन ओळी येतात. पण काका एकेक गोष्ट अशी दाखवायचे की बघणाऱ्यानं गप्प बसावं. नऊपैकी चार सिनेमांत खडक तोच आहे, ही त्यांनी काढलेली खोड. एका रिळात तर रस्त्यावर मोटारीच्या टायरचे व्रण आहेत. गोष्ट घोडागाडीच्या जमान्यातली, आणि डायरेक्टरसाहेबांची मोटार आधीच त्या वळणावरून जाऊन आलेली.

काकांचं खरं लक्ष मात्र टपालाच्या थैलीवर. घोडागाडी म्हणजे टपालाचीच गाडी, असं ते म्हणायचे, माणसं नि सोनं आपलं वरकड. पेटीबरोबर गाडीवान कातड्याची थैलीही खाली टाकतो. दरोडेखोर ती फाडतात, पैसे असतील तेवढे चाचपून बघतात आणि पत्रं उडवून देतात धुळीत. मग हीरो येतो. तो पेटीमागं धावतो, बाईमागं धावतो, शेवटी पेटीही मिळते, बाईही मिळते. पत्रांचं काय झालं ते नऊ रिळांत एकदाही दाखवलेलं नाही. पोस्टमनच्या जिवाला ते लागायचं. अगं, कुणाची आई आजारी असेल, कुणी पोराला बोलावलं असेल, आणि हे येडे सोनं मोजतायत, असं ते दर वेळी म्हणायचे. आम्ही दर वेळी हसायचो.

पाहायला कधी गेला असतात तर कळलं असतं, खरी गंमत पडद्यावर नव्हती. रविवारी दुपारी काका पडदे ओढून घ्यायचे आणि त्या मूकपटाला नवराबायको मिळून मराठी आवाज द्यायचे. गाडीवान काका, पाद्री काका, दरोडेखोरही काका. बाई तेवढी काकू. पहिल्या रिळात अशी एक जागा आहे, दरोडेखोर पिस्तूल रोखतो, बाई बोटातली अंगठी काढून देते आणि तिचे ओठ हलतात. पण पाटी येतच नाही. ती काय म्हणाली ते शंभर वर्षांत कुणाला कळलेलं नाही. काकूंनी तिथं आपलं वाक्य घातलं होतं, अगदी नागपुरी हेल काढून. “अजी डाकूराव, दागिने सारे न्या जी, पण माझं एवढं पत्र टाका बरं पोस्टात.” छत्तीस-सदतीस वर्षं तेच वाक्य, आणि दर वेळी काका हसून हसून पुढचा संवाद विसरायचे.

आता ज्यानं घर फुटलं ते सांगते. त्यात माझाही हात आहे, म्हणजे दात आहेत.

काकूंची सत्तरी आम्ही कम्युनिटी सेंटरच्या हॉलमध्ये केली, दोन हजार अठराच्या नोव्हेंबरात. ऋजुता कार्डिफहून आली. तिथं ती हॉस्पिटलमध्ये फार्मासिस्ट आहे, एकटी राहते. आईसाठी तिनं मराठीत भाषण लिहून आणलं होतं, रोमन अक्षरांत, चार कागद. या मुलांचं मराठी कसं असतं ते तुम्हाला माहीत आहे. शब्द सगळे येतात, पण कुठला ‘तो’ आणि कुठली ‘ती’ यात गोची होते. काका या बाबतीत भयंकर कडक. तिच्या लहानपणापासून चुकली की जागेवर दुरुस्त. जेवताना, फोनवर, पाहुण्यांसमोर, कुठंही. त्या दिवशी तिनं दोन पानं बरी निभावली. मग म्हणाली, “माझ्या बाबांची राग खूप मोठी आहे, पण ती लवकर जाते.” पहिल्या रांगेतून काका ओरडले, “राग मोठा! लवकर जातो! पुल्लिंगी!”

हॉल हसला. मी सगळ्यांत मोठ्यानं हसले, आज कबूल करते. चाळिशी उलटलेली बाई ती, तिचा चेहरा सहा वर्षांच्या पोरीसारखा झाला. उरलेले कागद तिनं घडी करून पर्समध्ये टाकले, दोन वाक्यं इंग्रजीत बोलली आणि खाली बसली. त्यानंतर ती बापाशी मराठीतून एक शब्द बोलली नाही. फोन यायचा, चौकशी व्हायची, सगळं इंग्रजीत, बँकेतून बोलावं तसं. संक्रांतीला आली नाही. काकांनीही इकडं तोंड फुगवलं. मी तिच्या भल्यासाठीच सांगितलं, म्हणायचे, आणि ही मला परकी भाषा दाखवते. हात दाखवून अवलक्षण, दुसरं काय.

मार्चमध्ये काकू गेल्या. छातीत जरा दुखलं म्हणून हॉस्पिटलमध्ये ठेवलं होतं, किरकोळ आहे म्हणत होते, आणि पाचव्या दिवशी गुरुवारी पहाटे गेल्या. ऋजुता दुपारी पोचली. तिचं एकच म्हणणं होतं, आई पाच दिवस हॉस्पिटलमध्ये होती आणि मला कुणी कळवलं का नाही? काका म्हणाले, तीच नको सांगू म्हणाली. ऋजुतानं ते ऐकून घेतलं. मी शेजारीच उभी होते, आणि तिचे डोळे त्या क्षणी एकदम कोरडे झाले ते मी पाहिलं. आईला शेवटी आपण नको होतो, असंच तिनं धरलं असणार.

त्यानंतर काका एकटे पडले ते पडलेच. रविवारी संध्याकाळी कार्डिफहून दहा मिनिटांचा इंग्रजी फोन, बाकी आठवडाभर केटल आणि रेडिओ. मंडळात येणं सोडलं. गिरीश, माझा नवरा, जाऊन अकरा वर्षं झाली, तेव्हा एकटं घर दुपारी तीन वाजता कसं खायला उठतं ते मला कुणी शिकवायला नको. म्हणून मी गुरुवारी दुपारी त्यांच्याकडं जायला लागले. मी चिवडा न्यायची, ते चहा करायचे, पडदे ओढायचे, एक रीळ लावायचे. गाडीवानाचा आवाज अजून द्यायचे, दरोडेखोराचाही. बाई आली की गप्प. तिचे ओठ हलायचे आणि खोलीत नुसती प्रोजेक्टरची घरघर.  एकदा मला राहवलं नाही, मी काकूंचं वाक्य म्हटलं. म्हणजे सुरुवात केली, “अजी डाकूराव...” काकांनी प्रोजेक्टरचा दिवा बंद केला आणि मला म्हणाले, घरी जा. दोन आठवडे मी फिरकले नाही. मी काय परकी आहे का? पण तिसऱ्या गुरुवारी चिवडा घेऊन गेलेच, दुसरं कुठं जाणार होते?

दोन वर्षांपूर्वी काकांची नजर गेली. पूर्ण नाही. डोळ्यांच्या मधोमध डाग आलाय, कडेचं दिसतं. समोरच्याचा चेहरा दिसत नाही, त्याचे कान दिसतात, असं ते हसून सांगतात. पडद्यावरचे घोडे दिसायचे, खडक दिसायचा, बाई दिसायची नाही. थैली बघायची तर मान वाकडी करून पडद्याच्या बाजूला बघायचे. यंदाच्या ऑक्टोबरात त्यांना फिल्म ओवताही येईना. वैजयंती, तू ओव म्हणाले, आणि पट्टा सैल झालाय, प्रोजेक्टरच्या पेटीत दुसरा असेल तो बघ. मी पेटीच्या झाकणातला कप्पा उघडला. पट्टा नव्हताच. एक पाकीट होतं.

पाकिटावर काकूंचं अक्षर. ऋजुताचं नाव, कार्डिफचा पत्ता, कोपऱ्यात राणीचा फर्स्ट क्लास स्टँप, शिक्का न मारलेला. पाकीट बंद.

हे काय, मी विचारलं. काकांना पाकीट दिसत नव्हतं, पण मी कुठल्या कप्प्यात हात घातला ते आवाजावरून कळलं असणार. ते खुर्चीत बसले आणि बराच वेळ गुडघे चोळत राहिले. मग सांगितलं. काकू दर आठवड्याला ऋजुताला एक पत्र लिहायच्या, देवनागरीत, मोठ्या अक्षरात, पोरीनं वाचायला विसरू नये म्हणून. हॉस्पिटलमध्येही सोमवारी लिहिलं आणि यांच्या हातात दिलं. आजारपणाचं फोनवर बोलल्या नव्हत्या, ती सगळं सोडून धावत येईल म्हणून. पत्रातूनच कळवलं होतं. आणि देताना त्याच नागपुरी हेलात म्हणाल्या होत्या, “डाकूराव, एवढं पत्र टाका बरं.”

“खिशात होतं,” काका म्हणाले. “सोमवारी पेटीपर्यंत गेलो आणि परत आलो. मंगळवारी गेलो, परत आलो. मला वाटलं, चार दिवस पोरीलाही कळू दे, वाट बघणं काय असतं ते. बुधवारी तर हात पेटीच्या तोंडापर्यंत नेला होता.”

गुरुवारी पहाटे फोन आला. सोमवारचं पत्र बहुतेक मंगळवारी कार्डिफला पोचलं असतं, आणि कार्डिफ ते रीडिंग ट्रेननं जेमतेम पावणेदोन तास. हे काकांना कुणी सांगायला नको होतं. जन्म त्यातच गेला होता त्यांचा.

माझा तोल गेला. मी काय काय बोलले ते सगळं लिहीत नाही. साडेसहा वर्षं त्या पोरीला वाटतंय की आईनं तिला बोलावलंच नाही, आणि तुम्ही इथं बसून धुळीत पडलेल्या पत्रांसाठी हळहळताय? तुम्ही खरेच डाकू निघालात, असंही बोलले. काका ऐकून घेत होते. मग इतकंच म्हणाले, “रविवारी दहा मिनिटं फोन येतो. माझ्याकडं तेवढंच उरलंय. हे दिलं की तेही जाईल.” मी पाकीट टेबलावर आपटलं आणि घरी आले. घरी येऊन मला हॉलमधलं माझं हसणं आठवलं. कुणाला काय बोलणार होते?

दहाव्या दिवशी, शनिवारी सकाळी नऊला बेल वाजली. काका दारात. कोट, टोपी, आणि खांद्याला जुनी कामावरची थैली, रिटायर होताना ठेवून घेतलेली. थैलीत काय, तर एकच पाकीट. मला म्हणाले, हा बारकोड नसलेला स्टँप आता चालत नाही, तेव्हा हे हातानंच द्यावं लागेल. मला स्टेशनवरचा बोर्ड वाचता येत नाही, तू येतेस का?

गेले. ट्रेनमध्ये ते खिडकीशी बसले, थैली मांडीवर, दोन्ही हात थैलीवर. स्विंडन गेलं, बोगदा आला, बोगदा गेला. मध्ये मी सँडविच पुढं केलं, ते नको म्हणाले. न्यूपोर्टच्या आसपास एकदाच बोलले. म्हणाले, त्या सिनेमांत गाडीवानाला कधी कुणी विचारत नाही, तुझी थैली तू टाकलीस कशी? हात वर करायला सांगितले म्हणून टाकली, असं तो म्हणू शकतो तरी. मला तर कुणी पिस्तूलही दाखवलं नव्हतं. मी खिडकीबाहेर बघितलं.

ऋजुताचं घर भिंतीला भिंत लागलेल्या घरांच्या रांगेतलं, निळ्या दाराचं. फोन करून सांगूया असं मी वाटेत दोनदा म्हटलं होतं, त्यांनी ऐकलं नाही. दाराशी गेल्यावर काकांनी बेलकडं हातच नेला नाही. खाली वाकले, बोटांनी चाचपून दारातली पत्राची फट शोधली, झडप एका हातानं उचलून धरली आणि दुसऱ्या हातानं पाकीट आत सरकवलं. इतक्या सफाईनं, की याला दिसत नाही असं कुणी म्हणालं नसतं. पाकीट पडल्याचा आवाज आला. काका वळले आणि फाटकाकडं चालायला लागले. मी त्यांची बाही धरली. सोड, म्हणाले, पोस्टमनचं काम एवढंच असतं.

फाटकापर्यंत पोचायच्या आत मागं दार उघडलं.

ऋजुता घरच्या कपड्यांत, पायात मोजे, हातात ते पाकीट. तिनं आधी पाकिटाकडं बघितलं, मग आमच्याकडं, मग पुन्हा पाकिटाकडं. ते अक्षर तिला कुणी ओळख करून द्यायला नको होती. काका फाटकाशी उभे राहून बोलले, तिच्या चेहऱ्याच्या जरा बाजूला बघत, कारण तसंच ती त्यांना दिसणार. आईनं सोमवारी दिलं होतं. मी टाकलं नाही. आई नको सांगू म्हणाली, हे मी खोटं बोललो होतो. तीन वाक्यं. घोकून आले असणार.

ती दार उघडंच टाकून आत गेली. काका जागचे हलेनात, मग मीच त्यांना धरून आत नेलं. किचनमध्ये ती टेबलाशी बसली होती. सुरीनं पाकीट कापलं, कागद सपाट केला, आणि वाचायला लागली. मोठ्यानं, कारण मनातल्या मनात वाचण्याइतकं तिला येत नाही. एकेक अक्षर बोटाखाली धरून, पहिलीतल्या मुलासारखं. ‘हॉस्पिटल’ला अडली, ‘किरकोळ’चं ‘किरोकळ’ केलं. माझं लक्ष काकांकडं होतं. प्रत्येक चुकीला त्यांचे ओठ हलत होते आणि आवाज येत नव्हता. पत्र असं होतं:

‘प्रिय ऋजू, मी हॉस्पिटलमध्ये आहे. घाबरू नको बाप्पा, हृदयाचं काही किरकोळ म्हणतात. फोनवर सांगितलं असतं तर तू तशीच निघाली असतीस, म्हणून लिहिते. तू ये. माझा निळा स्वेटर तुझ्याकडं राहिला तो आण, इथं थंडी वाजते. हॉलमधलं मनातून काढून टाक. तुझे ते दोन कागद राहिले ना, तेही आण. मला ते मराठीतच ऐकायचे आहेत, चुकलं तर चुकलं. आणि हे पत्र तुला एक-दोन दिवस उशिरा मिळालं तर बाबांना बोलू नको. ते आधी खिशात घेऊन फिरतील, मला माहीत आहे ना. राग निवळल्यावर टाकतील. तुझी आई.’

वाचायला तिला दहा मिनिटं लागली असतील. शेवटची ओळ तिनं दोनदा वाचली. मग कागद घडीवर घडी करून ठेवला आणि इंग्रजीत म्हणाली, मी मंगळवारीच आले असते. काका म्हणाले, माहीत आहे.  मी उठून केटल लावली, कारण काहीतरी करायला हवं होतं. खुर्चीच्या पाठीवर एक निळा स्वेटर होता, कोपरांना विरलेला. केटल उकळून बंद झाली. काका थैलीचा पट्टा बोटांना गुंडाळत होते आणि सोडत होते. मला वाटलं, आता ती म्हणेल, यू शुड गो. तसं म्हणाली असती तर मी तिला दोष दिला नसता. आम्ही तिघं त्या टेबलाशी बसलो होतो आणि तिघंही एकेकटे होतो.

मग ऋजुतानं विचारलं. हॉलमधल्या त्या दिवसानंतर बापाशी पहिल्यांदा मराठीत.

“राग गेली का, बाबा?”

काकांचे ओठ उघडले.  चाळीस-बेचाळीस वर्षांची सवय, आता दुरुस्त करतात की काय, असं मला वाटलं. त्यांनी मान वाकडी केली, तिचा चेहरा जितका कडेनं दिसेल तितका बघायला.

“गेली,” काका म्हणाले. “केव्हाच गेली.”